नसलेल्या बहिणीचे धवळे

ही गोष्ट मी आजवर कोणापाशी बोललो नाही — घरात नाही, कचेरीत नाही. तुम्हालाच का सांगतो आहे, तेही मला नीटसे ठाऊक नाही.

ठाण्याच्या कचेरीत मी कारकून होतो. गावोगावच्या चालीरीती लिहून आणायचे काम साहेबांनी माझ्यावर सोपवले. दिसेल ते लिही, त्यात गुंतू नकोस, एवढीच ताकीद. मला ती पटली. गुंतणे माझ्या स्वभावातच नाही, असे मी समजत असे.

बाळकुमला नागूबाई नावाची धवलारीण होती. आगऱ्यांच्या लग्नात तिचा मान मोठा. धवळे, म्हणजे लग्नाची गाणी, गाऊन ती देवांना मांडवात बोलावी. मला ते धवळे लिहून हवे होते. पण लग्नाशिवाय ती तोंड उघडेना. तिचे म्हणणे, देव आले आणि मांडवच नसला, तर? मग मी सांगितले, माझ्या बहिणीचे लग्न ठरले आहे, मांडव ठाण्याला पडला आहे, तू इथूनच देव तिकडे धाड. मला बहीण नाही.

“नवरीचा नाव काय, दादा?” तिने विचारले. सुचले ते सांगितले — यमुना. तीन दिवस ती आपल्या ओटीवर बसून यमुनेसाठी गायली. पाठवणीच्या धवळ्याला तर रडली. मान खाली घालून मी उतरून घेत होतो. माझेही डोळे भरले होते. मग तेव्हाच खरे का नाही बोललो? दोन धवळे उरले होते, म्हणून.

पंधरा दिवसांनी ती यमुनेसाठी हिरव्या बांगड्या घेऊन चालत कचेरीत आली. सगळ्यांदेखत मला दादा म्हणाली. कोणाची बहीण, कसले लग्न — सोबतचे कारकून हसू लागले. आणि मी — मी म्हणालो, या बाईला मी ओळखत नाही, वेडसर दिसते. शिपायाने तिला दंडाला धरून बाहेर काढले. मी पुढचा कागद ओढला.

पुढच्या वर्षी तिच्याच भाचीच्या लग्नाला मी वही घेऊन गेलो. साहेबांनी पाठवले होते, पण नाही म्हणता आले असते. नागूबाई मांडवाबाहेर बसली होती. तिने मला पाणी दिले. गा म्हणून लोक तिला विनवून थकले.

“खोट्या लग्नाला देव बोलावलं मी. आता ते माझा ऐकनार नाय.”

फसवले कोणी, ते तिने गावात सांगितले नव्हते. तिच्याकडून शिकलेली दुसरी कोणी नव्हती. ते लग्न मुक्यानेच लागले.

वहीत मी लिहिले, ‘या गावी धवळ्यांची चाल मोडली आहे.’ मोडली कोणी, ते लिहिले नाही. साहेबांनी शाबासकी दिली. ती मी हसून घेतली.