पाचव्या वाढदिवसाचा जाळ

माझ्या भाच्याने मुलाच्या पाचव्या वाढदिवसाला अख्खं लॉन घेतलं होतं. देवळाली प्रवराच्या कालव्याकडेला, जिथे परवा-परवापर्यंत ऊस उभा असायचा, तिथे आता प्लास्टिकचं हिरवं गवत अंथरलंय आणि त्याला लॉन म्हणतात. स्टेजवर मुलाचा फोटो मुलापेक्षा सहापट मोठा. त्याच्या शेजारी भाच्याचा आणि त्याच्या वरती एका पुढाऱ्याचा. कोणाचा वाढदिवस आहे ते बाहेरच्या माणसाला विचारूनच कळलं असतं.

मी एकतीस वर्षं सरकारी दवाखान्यात नर्स होते. त्यातली निम्मी जामखेडच्या बाजूला गेली, बाकीची राहुरीकडे. मुलांच्या वाढदिवसांबद्दल माझं मत चांगलं नाही, आणि ते उगाच झालेलं नाही. फुटक्या फुग्याचा तुकडा घशात गेलेलं पोर मी पायावर पालथं घेऊन थोपटलंय. हवा भरलेल्या त्या घसरगुंडीवरून पडून कोपरात हात मोडलेली मुलं पाहिलीत. प्रत्येक वेळी सोबतची मोठी माणसं एकच वाक्य म्हणतात, "अहो, एका मिनिटात झालं बघा." एका मिनिटात काही होत नसतं. त्याच्या आधी तासभर मोठी माणसं मूर्खपणा करत असतात. शेवटचं मिनिट तेवढं पोराच्या वाट्याला येतं.

त्या दिवशीचा तास मी डोळ्यांनी पाहिला.

बोलावणं सहाचं होतं. भाच्याची बहीण, म्हणजे माझी भाची, जामखेडच्या पुढच्या एका खेड्यातून दोन एसट्या बदलून आली होती. सोबत तिची सात वर्षांची मुलगी. पोरीच्या अंगात आईने घरीच शिवलेलं सुती परकर-पोलकं होतं, गर्द हिरवं, काठ जुन्या साडीचे. छान दिसत होती. भाच्याच्या बायकोने तिला बघितलं आणि तोंड वाकडं केलं.

"थीम आहे ना आपली, ताई. सगळ्या मुली चंदेरी. फोटोत ही एकटीच वेगळी दिसेल."

मग एका पिशवीतून चंदेरी जाळीचा फ्रॉक निघाला. तीन-चार थरांचा, हात लावला की चुरचुरणारा. पोर म्हणाली, "मला टोचतंय." मामी म्हणाली, "थोडा वेळच घालायचाय." माहेरच्या मोठेपणापुढे भाचीची मान नेहमी खालीच असते. तिने पोरीचा परकर घडी करून पिशवीत ठेवला.

साडेसात वाजले तरी केक कापायचं नाव नव्हतं, कारण साहेब आले नव्हते. साहेब म्हणजे वरच्या फोटोतले पुढारी. त्यांच्या हस्ते केक कापायचा होता. पाच वर्षांच्या मुलाचा केक पन्नाशीच्या माणसाच्या हस्ते! मुलगा कोट-टायमध्ये घामाघूम होऊन रडत होता. बाकीची तीस-चाळीस पोरं भुकेली होती आणि भुकेली पोरं जे करतात तेच करत होती. त्यांना गप्प करायला भाच्याने स्नो स्प्रेचे डबे वाटले. बटण दाबलं की पांढरा फेस उडतो ते. पोरांनी एकमेकांची डोकी, तोंडं, कपडे फेसाने भरून टाकले.

डब्याच्या मागे लहान अक्षरांत काहीतरी छापलं होतं. मी चष्मा लावून वाचलं. जाळापासून दूर ठेवा. टेबलावर केकच्या मधोमध ती कारंज्यासारखी ठिणग्या उडवणारी मेणबत्ती तयारच होती.

मी उठून भाच्याकडे गेले. "अरे, मेणबत्ती पेटवायच्या आधी ते डबे काढून घे पोरांकडून. तो फवारा पेट घेतो."

त्याचं लक्ष फाटकाकडे होतं. "आत्या, रिटायर झालात ना तुम्ही? आज ड्युटी नाही. बसा, ज्यूस घ्या."

आणि मी बसले. ज्यूससुद्धा घेतला. मला राग आला होता, अपमान झाल्यासारखं वाटलं होतं, आणि मनात आलं, जाऊ दे, यांचं हे बघून घेतील. पुढे मी ज्यांना ज्यांना नावं ठेवली त्या यादीत पहिलं नाव माझं आहे. ज्यांना कळत नव्हतं ते उभे होते, आणि जिला कळत होतं ती खुर्चीत बसून अननसाचा ज्यूस पीत होती.

पावणेआठला साहेब आले. धूर सोडणारी मशीनं लागली, गाणं लागलं. साहेबांना शाल घातली, मुलाच्या हातात सुरी दिली, तिच्यावर साहेबांनी हात ठेवला, आणि फोटोवाला ओरडला, "सगळ्या चंदेरी परी पुढे या!" भाचीची पोर टेबलाला चिकटून उभी राहिली. मेणबत्ती फुरफुरायला लागली. "हॅपी बर्थडे" सुरू झालं आणि मागून चार-पाच पोरांनी एकदम फवारे मारले.

भप्प असा आवाज झाला. मोठा नाही, स्टोव्ह भडकतो तेवढाच. हवेतल्या हवेत निळसर पिवळा जाळ झाला आणि विझला. पण विझता विझता तो पोरीच्या खांद्यावर उतरला. जाळीच्या फ्रॉकने पेट घेतला.

ती पळाली नाही. दोन्ही हात बाजूला धरून जागच्या जागी उभी राहिली आणि आईकडे बघत राहिली.

मी कशी उठले ते आठवत नाही. स्टेजसमोर पोरांना बसायला सुती सतरंजी अंथरली होती, त्या अख्ख्या लॉनमध्ये तेवढीच एक कामाची वस्तू. मी तिचं टोक ओढत धावले. मधे साहेब उभे होते. "सरका" म्हटलं, ते सरकले नाहीत, म्हणून दोन्ही हातांनी ढकललं. त्यांचा हात कोपरापर्यंत केकात गेला. पोरीला सतरंजीत गुंडाळून खाली लोळवली. जाळ विझला. जळक्या प्लास्टिकचा वास तेवढा राहिला.

मग ती ओरडायला लागली. मला बरं वाटलं. ओरडणारं पोर श्वास घेत असतं.

डाव्या कानाच्या पाळीपासून मान, खांदा आणि दंड भाजला होता. फ्रॉकची जाळी दंडाला वितळून चिकटली होती. आणि आता भोवती शहाण्यांची जत्रा भरली. एक बाई केटरिंगकडची हळद घेऊन आली. एकजण ज्यूसच्या स्टॉलवरचा बर्फ घेऊन आला. कोणाच्या पर्समधून टूथपेस्ट निघाली. लग्नाकार्याला टूथपेस्ट घेऊन फिरणारी माणसं असतात हे मला त्या दिवशी कळलं. तिघांपैकी एकाच्याही हातात पाणी नव्हतं.

मी भाचीला म्हटलं, "पाण्याचे जार आण. साधं पाणी. गार नको, बर्फाचं नको."

तेवढ्यात एक रिटायर हेडमास्तर पुढे झाले. गावात त्यांना सगळे गुरुजी म्हणतात, आणि त्यांनी म्हटलं की लोक माना डोलावतात. "बाई, पाणी अजिबात घालू नका. पाण्याने फोड येतात."

"फोड भाजल्याने येतात, गुरुजी. बाजूला व्हा."

"मी चाळीस वर्षं मुलांमध्ये काढली आहेत."

"मग चाळीस वर्षांत एकदा तरी विचारायचं होतं कोणाला."

गुरुजी लाल झाले. कोणीतरी म्हणालं, "लई बोलत्यात बाई." मी वर पाहिलं नाही. पोरीच्या हातातल्या बांगड्या काढल्या, गळ्यातली साखळी काढली, कारण अंग सुजलं की त्या निघत नाहीत. चिकटलेली जाळी तशीच राहू दिली, भोवतीचं कापड तेवढं कापलं. भाची एका हाताने जार उचलून आली. वीस लिटरचा जार, आणि बाई अंगाने काडी.

"आत्या, सांगा काय करू."

"बारीक धार धर. मानेवरून दंडावर येऊ दे. मी सांगेपर्यंत थांबायचं न्हाई."

ती थांबली नाही. धारही हलली नाही. जार संपला की दुसरा, दुसरा संपला की तिसरा. वीस मिनिटं. पोरीला ती सांगत होती, "हाय मी हितंच. हाय ना मी. रड, काय न्हाई हुत रडलं तर." मघाशी फ्रॉकसाठी जिला तोंड उघडता आलं नव्हतं, तीच ही. जामखेडकडे असताना ऊसतोडीहून परतलेल्या बायका मी पाहिल्या होत्या, पोराच्या अंगावर चहाचं आधण सांडलं तर उचलून सरळ पाटाच्या पाण्यात धरणाऱ्या. त्यांना कोणी गुरुजी भेटले नव्हते, हे त्यांच्या पोरांचं नशीब.

आणि या वीस मिनिटांत बाकीचे काय करत होते? फोटोवाला शूटिंग करत होता. पाहुण्यांतले दहा-बारा मोबाईल वर करून उभे होते. भाच्याची बायको केकजवळ रडत होती. मला वाटलं पोरीसाठी, पण ती म्हणत होती, "सगळा खराब झाला हो." भाचा दिसतच नव्हता.

पाणी झाल्यावर मी भाचीच्या पिशवीतला तो हिरवा परकर काढला. धुतलेला, स्वच्छ, सुती. जखमेवर सैल टाकला. गाडी पाहिजे होती. भाच्याची नवी गाडी फाटकातच होती, आणि तोही एकदाचा उगवला. त्याने पोरीकडे पाहिलं, मग तिच्या अंगावरून गळणाऱ्या पाण्याकडे पाहिलं.

"आत्या, पूर्ण ओली आहे ती. सीटवर काहीतरी टाकायला शोधतो, थांबा दोन मिनिटं."

मी त्याला लहानपणी खेळवलंय. त्याला गोवर आला तेव्हा त्याच्या उशाशी मी बसले होते. त्या क्षणी त्याच्याबद्दल मला जे वाटलं त्याला राग म्हणता येणार नाही. राग यायला समोर माणूस लागतो.

आचारी हातातला झारा टाकून आला. "माझा टेम्पो हाय की बाई. कांद्याचा वास येईल जरा. चला." तो पुढे, आम्ही दोघी पोरीला घेऊन मागे, रिकाम्या पोत्यांवर. श्रीरामपूरला एका दवाखान्यात नेलं. तिथल्या डॉक्टरबाईंनी जखम बघितली आणि विचारलं, "पाणी कोणी घातलं?" भाचीने माझ्याकडे बोट दाखवलं. मी तिच्याकडे दाखवलं. बाई म्हणाल्या, "ज्यांनी घातलं त्यांनी कातडी वाचवली. दंडावर व्रण राहील. कान आणि मान सुधारेल."

आम्ही बाकावर बसलो होतो तेव्हा भाचीच्या मोबाईलवर तिच्या वहिनीचं स्टेटस आलं. केक कापतानाचा फोटो. दुसऱ्या बाजूने कापला होता, जिकडून साहेबांच्या हाताचा खड्डा दिसणार नाही. खाली दुसरा फोटो, पंगत बसलेली. लोक जेवत होते. भाचीने फोटो पाहिला, मोबाईल पदराखाली ठेवला आणि म्हणाली, "जेवन वाया जायला नको हुतं, व्हय ना?" तिने ते उपरोधाने म्हटलं की खरंच, ते मला अजून कळलेलं नाही.

पुढचा दीड महिना मायलेकी माझ्याकडेच राहिल्या. ड्रेसिंग मी घरी करत असे. पोर दात आवळून बसायची आणि मला गोष्ट सांगायला लावायची. कधी मी मधेच थांबले तर म्हणायची, "पुढे सांग, मी रडत नाही." लायटरचा खट्ट आवाज झाला की मात्र स्वयंपाकघरातून पळून जायची. मग मी काडेपेटी वापरायला लागले आणि ती दुसऱ्या खोलीत असतानाच गॅस पेटवायचा हा नियम केला.

नातेवाइकांचे फोन यायचे. पोरीची चौकशी दोन वाक्यांत संपायची. खरं बोलणं नंतर असायचं. साहेबांना असं सगळ्यांसमोर ढकलायला नको होतं. गुरुजींचा मान ठेवायला हवा होता. तुमचं बरोबर असेल हो, पण बोलायची एक पद्धत असते. एका चुलत जावेने तर विचारलं, "तुम्ही साहेबांकडे जाऊन आलात का? एकदा भेटून या." मी म्हटलं, साहेब भाजले असतील तर येते पाणी घेऊन. तिने फोन ठेवला.

भाचा एकोणिसाव्या दिवशी आला. हातात पोरीएवढं अस्वल, कापसाचं. ती पाटीवर चित्र काढत होती. त्याने तिच्या शेजारी बसून मोबाईल वर धरला. ती म्हणाली, "मामा, फोटो नको." तो म्हणाला, "एकच," आणि काढला. मग तिने विचारलं, अगदी साधेपणाने, जसं एखाद्याला जेवलास का म्हणून विचारतात तसं, "मामा, मी भाजले तेव्हा तू कुठे होतास?"

मला वाटलं, आता तरी हा खाली बघेल.

"मी साहेबांना गाडीपर्यंत सोडायला गेलो होतो, बाळा," तो म्हणाला. त्याच्या आवाजात कसलाच अडखळा नव्हता. सोडायला जावंच लागतं, एवढं तर लहान पोरालाही कळतं, असा तो स्वर.

पोरीने मान डोलावली आणि पुन्हा पाटीकडे वळली. भाची दारात उभी होती, ती आत निघून गेली. मी उठून त्याच्यासाठी चहा टाकला. साखर मुद्दामच घातली नाही. त्याने तो शेवटच्या घोटापर्यंत प्यायला, कप खाली ठेवला आणि म्हणाला, "मस्त झालाय, आत्या."