पूजेतला पाना

जे लिहितोय ते माझ्या बायकोलाही ठाऊक नाही. आणि ज्याच्याबद्दल आहे तो तिचा सख्खा थोरला भाऊ. इतकी वर्षं एका घरात राहून तिला सांगता आलं नाही, आणि तुम्हाला — ज्यांनी माझं आणि मी ज्यांचं तोंड कधी पाहिलं नाही — सांगायला बसलोय. मी कसा माणूस आहे ते एवढ्यावरूनच ओळखा.

शिरूरहून न्हावऱ्याकडं निघालं की डाव्या हाताला माझं गॅरेज लागतं. लहान गाड्यांचं काम. लोक म्हणतात, मिस्त्रीला गाडी नुसती दारात आली तरी आवाजावरनं दुखणं कळतं. खोटं नाही ते. म्हणून तर जास्त लागतं. मला कळलंच नव्हतं, असं म्हणायची सोय माझ्यापाशी नाही.

सुदाम माझा मेहुणा. लग्न झालं तेव्हा मला इंजिन उतरवता येत होतं, पण गाडी नीट चालवता येत नव्हती — हसू नका, अशी मिस्त्री मंडळी पुष्कळ असतात. ती मला सुदामनं शिकवली. शेजारी बसून, न ओरडता. ब्रेकवर पाय आपटला की एवढंच म्हणायचा, "दाजी, ती काय चोर हाय व्हय? हळू धरा." बहिणीचा नवरा म्हणून वयानं लहान असलो तरी मला अहो-जाहो करायचा. अजून करतो.

तो न्हावऱ्याच्या एका बागायतदाराकडं ड्रायव्हर होता. त्यांना सगळे आप्पा म्हणतात. घरात ट्रॅक्टर, पिकअप, लहान गाड्या, आणि त्या लहान गाड्यांचं काम माझ्याकडं. आप्पांनी म्हाताऱ्या आईसाठी, म्हणजे जिजीसाठी, एक लहान गाडी घेतली होती. जिजीची लेक दौंडला दिलेली, आणि पाठीच्या दुखण्याचा डॉक्टरही तिथलाच. त्यामुळं न्हावरे-दौंड फेरी कायमची. जिजीला दुसऱ्या कुणाची गाडी सोसायची नाही. सुदामच्या गाडीत म्हणे माजघरातून ओट्यावर आल्यासारखं वाटायचं. वर चिडवायचीही — "सुदामा, तुझ्यापरीस बैलगाडी म्होरं जाईल." तो म्हणायचा, "जाऊ द्या की जिजी. बैलांना घाई असंल." एवढीच त्याची मिजास होती बघा — आपल्या गाडीत बसलेल्या माणसाला धक्का लागत नाही.

एका दसऱ्याच्या तोंडावर तीच गाडी घेऊन तो माझ्याकडं आला. "पुढनं, डावीकडं कायतरी बोलतंय," म्हणाला. मी एक चक्कर मारून आलो. गतिरोधकावरून उतरताना खट्ट, आणि ब्रेक दाबला की पुन्हा एक बारीक खट्ट. खड्ड्यात उतरून — गॅरेजात गाडीखाली उभं राहायला जो खणलेला असतो तो खड्डा — टॉमी, म्हणजे लोखंडी दांडा, घालून चाकाचा आर्म हलवला, तर लोंबत्या दातासारखा हलला. बुश गेले होते.

बुश म्हणजे काय, ते सांगावं लागेल, नाहीतर माझं पाप तुम्हाला कळणार नाही. चाक ज्या लोखंडी हातानं गाडीला धरलेलं असतं त्याला आर्म म्हणतात. त्याच्या सांध्यात जाड रबर बसवलेलं असतं, आत लोखंडी नळी, नळीतून बोल्ट. रस्त्याचे धक्के ते रबर खातं. आपल्या गुडघ्यातल्या कूर्चेसारखं. बदलायला गाडी जॅकवर घ्यावी लागते, म्हणजे चाक खाली लटकतं. आणि एक नियम असतो — ज्यांनी मला काम शिकवलं त्या उस्तादांनी पहिल्या महिन्यातच डोक्यात टपली मारून शिकवलेला — लटकत्या चाकाला बोल्ट आवळायचा नाही. नुसता धरून ठेवायचा. गाडी जमिनीवर उतरवायची, मागंपुढं ढकलायची, तिला तिच्या पायावर उभी राहू द्यायची, आणि मग खड्ड्यात जाऊन शेवटचा आटा द्यायचा. लटकत असताना आवळलं तर गाडी खाली टेकताच रबर जे पिळलं जातं ते कायमचं. वरून सगळं नवं दिसतं. आत रोज थोडं थोडं फाटत जातं.

हे मला माहीत होतं. झोपेतून उठवून विचारलं असतं तरी सांगितलं असतं.

खंडेनवमीच्या आदल्या दिवशी मी ते काम करत होतो. आमच्याकडं नवमीला हत्यारांची पूजा. शेतकरी नांगर-विळे पुजतो, आम्ही पाने-पकडी. आदल्या संध्याकाळी सगळी हत्यारं सोड्याच्या गरम पाण्यात धुऊन काढायची, सकाळी पाटावर मांडायची, हळद-कुंकू, झेंडू. आणि एकदा मांडली की दसरा उजाडेपर्यंत कशाला हात लावायचा नाही. त्या दिवशी जुने बुश निघता निघेनात, प्रेसवर दाबून काढण्यात वेळ गेला. बायको गरम पाण्याचं घमेलं घेऊन दोनदा येऊन गेली. दिवस कलला. मी लटकत्या चाकालाच बोल्ट पक्के आवळले आणि एकोणीसचा पाना तिच्या हातात दिला. मनात होतं — सकाळी लवकर उठून, पूजेच्या आधी गाडी उतरवून ढिले करू, पुन्हा आवळू. सकाळी गिऱ्हाइकांचे प्रसाद, नारळ, हार. राहिलं.

दुपारी सुदाम गाडी न्यायला आला. दसऱ्याला आप्पांच्या दारात सगळ्या गाड्या धुऊन, हार घालून उभ्या राहतात, तिथं ती हवीच होती. मी जॅक काढला. गाडी जमिनीवर टेकली. त्या टेकण्यात आत काय पिळलं गेलं ते मला जणू ऐकू आलं. समोर पाटावर तो पाना होता — कुंकवाचं बोट लागलेला, झेंडूचं फूल ठेवलेला. सुदाम चहा पीत होता. बायको तिथंच उभी. पाना उचलायचा, खड्ड्यात उतरायचं, बोल्ट ढिले करून पुन्हा आवळायचे. चहा संपायच्या आत झालं असतं.

का नाही उचलला? पूजा मोडेल म्हणून? कितीतरी वर्षं मी मनाशी हेच म्हणत होतो. पण देव आडवा आला नव्हता हो. पूजेतला पाना उचलायचा म्हणजे मेहुण्यासमोर, बायकोसमोर कबूल करायचं की काल काम अर्धवट टाकलं. नावाजलेला मिस्त्री ना मी. देवाचं नाव मी नंतर पुढं केलं.

चावी दिली. "जिजीला म्हणावं, आता बिनघोर बसा," हेही वर म्हणालो.

दसरा झाला. शिरूरला जाता-येता गाडी माझ्या दारावरून जायची, सुदाम हॉर्न वाजवायचा, आणि मला दरवेळी तो बोल्ट आठवायचा. तुम्हाला वाटेल, विसरला असेल. नाही विसरलो. एक फोन करायचा होता — पाव्हणं, गाडी जरा आणा. तो केला नाही. दिवाळी उलटल्यावर तोच एकदा थांबला. काच खाली करून म्हणाला, "दाजी, पुन्यांदा बोलाया लागलीय. आन् ब्रेक दाबला की डावीकडं पळती जरा."

मी म्हणालो, "नवं रबर हाय, बसंल हळूहळू. चाकात हवा बघा."

त्यानं मान डोलावली. पंपावर जाऊन हवा तपासली असणार. मी सांगितलं होतं ना.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी, जिजीला घेऊन दौंडला जाताना, चौफुल्याच्या पुढं, ऐन उसाच्या हंगामात, पुढचा ट्रॅक्टर दोन ट्रॉल्या घेऊन हात न दाखवता वळला. सुदामनं ब्रेक दाबला. गाडी डावीकडं ओढली गेली आणि रस्त्याच्या कडेच्या पाण्याच्या चारीत उतरली. ढळढळीत दिवसा. पुढच्या सीटवर बसलेली जिजी समोर आपटली. उजवा हात मनगटाजवळ मोडला.

गाडी ओढून माझ्याकडं आणली. मागोमाग आप्पा, त्यांची चार माणसं. सुदाम, कपाळावर पट्टी. मी खड्ड्यात उतरलो. बॅटरीचा उजेड टाकला आणि पाहिलं. रस्त्यानं फाडलेलं रबर एका बाजूनं फाटतं. हे चारी अंगानं पिळवटून तुटलं होतं, धुणं पिळल्यासारखं. माझ्या हाताची सहीच होती ती. दुसऱ्या कुणाला कळली नसती.

वरून आप्पांचा आवाज आला. "मिस्त्री, सरळ सांग. गाडी चुकली का गडी चुकला?"

खड्ड्यातून मला फक्त पाय दिसत होते. आप्पांच्या कोल्हापुरी, बाकीच्यांचे बूट, आणि कडेला सुदामच्या चपला. चेहरा कुणाचाच नाही. वर आलो असतो, त्याच्याकडं बघितलं असतं, तर कदाचित — जाऊ द्या. मी वर आलो नाही. तिथूनच बोललो.

"गाडीत काय न्हाई आप्पा. येग जास्ती असंल."

त्या चपला एक पाऊल मागं सरल्या. त्याला माहीत होतं गाडी डावीकडं ओढते. त्यानंच मला सांगितलं होतं. चारचौघांत तो म्हणू शकला असता — दाजी, मी तुम्हाला बोललो नव्हतो का? मी वाट पाहत राहिलो. एवढंच ऐकू आलं, "दाजी म्हनत्यात म्हंजी तसंच असंल. माझ्याच हातनं झालं."

कुणी हसल्यासारखं बोललं, "बैलांना घाई नव्हती, तुलाच झाली व्हय रं."

जिजी मात्र ऐकायला तयार नव्हती. प्लास्टरमधला हात मांडीवर घेऊन, येईल त्याला सांगायची, "मी बसले व्हते गाडीत. त्यानं न्हाई वळवली. गाडीच वळली." आप्पा म्हणायचे, "जिजी, मिस्त्रीनं आत शिरून बघितलंय. तुला काय कळतंय त्यातलं?" जिला खरं कळलं होतं ती एकटीच होती, आणि तिचं तोंड बंद करायला माझं नाव वापरलं जात होतं. तो हात पुढं नीट वळलाच नाही. वेणी घालायला सुनेकडं जावं लागायचं. म्हातारपणानं गेली ती, पण मरेपर्यंत पुन्हा कुणाच्या गाडीत पुढं बसली नाही, असं ऐकलं.

बुश मी दुसऱ्या दिवशी बदलले. या खेपेला गाडी खाली उतरवून, तिच्या पायावर उभी करून, अगदी उस्तादांनी शिकवलं तसं.

म्हातारीला चारीत घातलेल्या ड्रायव्हरला न्हावऱ्यात कोण चाक देणार? सुदाम दौंडला गेला. स्टेशनजवळ दुचाक्यांच्या स्टँडवर काम धरलं. मी एकदा लांबून पाहिलं. लोक चावी देऊन पळतात, रेल्वे पकडायची असते. हा कुठलीच गाडी चालू करत नाही. हँडल धरून, ढकलत ढकलत रांगेत लावतो.

कधी कधी मनात येतं, त्याला सगळं समजलं असेल. बहिणीच्या संसारासाठी गप्प राहिला असेल. तसं असतं तर बरं झालं असतं, निदान त्यानं मला ओळखलं असतं. पण तसं नाही, हे आता पक्कं झालंय.

दर दसऱ्याला तो दौंडहून एसटीनं येतो. आपट्याची पानं देतो. "सोनं घ्या, दाजी." मी घेतो. यंदाही आला. आमच्या पोरीनं, रांजणगावला कंपनीत नोकरी करते ती, नुकतीच लहान गाडी घेतलीय. दारात उभी होती, हार घातलेली. चाक हातात घ्यायची तिला अजून भीती वाटते. मामाला पाहून तिचा चेहरा फुलला. "मामा, पप्पांना तुम्हीच शिकवलं ना? मला पण शिकवा. पप्पा मला ओरडतात."

बायको कौतुकानं भावाकडं बघत होती. सुदामनं गाडीच्या बॉनेटवर हात ठेवला, जनावराच्या पाठीवर ठेवतात तसा. मग काढून घेतला.

"माझ्याकडनं नको शिकू, बाई," म्हणाला. "माझ्या हाताचा भरवसा न्हाई. एका म्हातारीचा हात मोडलाय मी. तुझ्या बापाकडनं शिक. त्यांना गाडी कळती."

पोरगी माझ्याकडं बघायला लागली. बायकोनं पदर डोळ्याला लावला. आत पाटावरची हत्यारं अजून आवरायची होती, एकोणीसचा पाना वरच होता. मी म्हणालो, "चला पाव्हणं, जेवायला वाढलंय."

संध्याकाळी दौंडच्या गाडीत त्याला बसवून आलो. त्यानं खिडकीतून हात हलवला. आपट्याची पानं माझ्या शर्टाच्या खिशात होती.

तुम्हाला सांगून झालं. त्याला सांगितलेलं नाही.