अडतीस रुपये बारा आणे

परवा नातवाने मोबाइलवर घराच्या कर्जाचा हप्ता काढून दाखवला. म्हणाला, "आजोबा, महिन्याला फक्त एवढेच." तो 'फक्त' ऐकला आणि मला मोतीराम आठवला. मोतीरामचं एक बरं असतं, त्याचा एक किस्सा सांगायला घेतला की पुढचा आपणहून उठून येतो. नातवाचा चहा गार झाला, पण मी काही थांबलो नाही.

भिलाईचा प्लांट उभा राहत होता तेव्हाची गोष्ट. पहिली भट्टी अजून पेटायची होती. आम्ही तिघे फिटर. मी गोंदियाकडचा, मोतीराम कापगते साकोलीकडचा आणि हरिभाऊ तुमसरचा. धानाच्या बांधावरून निघून थेट लोखंडात आलेलो. चौथे दिवाकरराव. ते शेजारच्या दुर्गचे, तीन पिढ्यांपासून तिथलेच. आधी शाळेत गणित शिकवायचे, मग टाइम ऑफिसात लागले, म्हणून सगळे त्यांना गुरुजीच म्हणायचे. रशियाहून यंत्रं ज्या लाकडी पेट्यांत यायची, त्यातली एक रिकामी पेटी आमचं जेवणाचं टेबल होती. हे सगळे किस्से त्या पेटीभोवतीचे.

*

मोतीराम तेव्हा कॅम्प-वनमध्ये टिनाच्या खोलीत राहायचा. पुढेमागे क्वार्टर मिळणार हे ठरलेलं होतं. पण त्याची बायको शेवंताबाई, आमची वहिनी, क्वार्टरवर खूश नव्हती.

"नोकरी सुटली की क्वार्टर सुटनार," ती म्हणायची. "म्हातारपनी बोचकं घेऊन कुठं जाऊ?"

रिसाली तेव्हा निव्वळ गाव होतं. गावाच्या कडेला तिने आपली पाटली विकून जागा घेतली. घर बांधायला दुर्गच्या एका सोसायटीने पाच हजारांचं कर्ज द्यायचं कबूल केलं. पैसे फिटेपर्यंत घर त्यांच्याकडे गहाण. क्लार्कने चार पानी कागद भराभर वाचून दाखवला. मोतीरामने एकच प्रश्न विचारला, "महिन्याले किती?"

दुसऱ्या दिवशी पेटीवर डबा उघडताना त्याचा चेहरा फुलला होता. "अडतीस रुपये बारा आने फक्त." नवे पैसे आले होते, कागदावर पंच्याहत्तर पैसे लिहिलेलं होतं, पण मोतीरामच्या तोंडात अजून आणेच होते.

गुरुजींनी विचारलं, "किती महिने?"

"महिने नाई सांगतले. वीस वर्ष म्हने."

गुरुजींनी हातातली लोणच्याची फोड तेवढी बाजूला ठेवली.

*

वर्ष झालं. एकही हप्ता चुकला नव्हता. वर्षभरात चारशे पासष्ट रुपये भरले, म्हणजे आता साडेचार हजारांच्या आसपास राहिले असतील, असा मोतीरामचा हिशोब. पक्का आकडा विचारायला तो दुर्गला गेला. क्लार्कने वही उघडली आणि सांगितलं, चार हजार आठशे एक्क्याऐंशी.

मोतीराम तसाच परत आला आणि आम्हाला घेऊन गेला. तीन सायकली, तीन माणसं, तिघांच्याही बाह्या वर. त्या क्लार्कने आयुष्यात खूप बाह्या पाहिल्या असाव्यात. त्याने आम्हाला बसायला बाक दिला.

"एकशे एकोणीस रुपये कर्जातून कमी झाले," तो म्हणाला.

"आनि बाकीचे साडेतीनशे?"

"ते व्याज. दर महिन्याला आधी व्याज वळतं होतं, उरलेलं मुद्दलात जातं. सुरुवातीला कर्ज मोठं, म्हणून व्याजही मोठं. पुढे पुढे मुद्दलात जाणारा भाग वाढत जाईल."

मोतीरामने वही आपल्याकडे वळवून घेतली. मग हळूच म्हणाला, "म्हंजे मी पैशाचं भाडं भरून राहिलो. त्याच्यातून उरलं तर घराचं."

"बरोबर समजलात," क्लार्क म्हणाला. "बाकीच्यांना समजायला पाच-सहा वर्षं लागतात."

बाह्या खाली करून आम्ही सायकलींवर बसलो.

*

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत गुरुजींनी खडू मागवला. एक पोलादी प्लेट जमिनीवर पडली होती, तिच्यावर उकिडवे बसून त्यांनी गुणाकार मांडला. अडतीस पंच्याहत्तर गुणिले दोनशे चाळीस. खाली उत्तर लिहिलं, नऊ हजार तीनशे.



"पाच हजाराचं घर," हरिभाऊ म्हणाला, "आनि पैसे दोन घराचे."

मोतीरामने तो आकडा तीन दिवस पोटात ठेवला. चौथ्या दिवशी जेवताना त्याला राहवलं नाही. त्याने वहिनीला सगळं सांगितलं, आपण एका घरात राहणार आणि जवळजवळ दोन घरांचे पैसे भरणार.

वहिनीने त्याच्या ताटात भात वाढला आणि विचारलं, "मंग त्या दुसऱ्या घरात कोन राहून राहिलं?"

मोतीराम हे सांगायचा तेव्हा आम्ही हसायचो. तो मात्र कधी हसला नाही. म्हणायचा, "मी दुर्गच्या त्या ऑफिसकडं पाह्यतो ना, तवा मले तेच घर दिसते."

*

एवढं होऊनही हरिभाऊने कर्ज घेतलंच. चरोद्याला रेल्वे कॉलनीजवळ त्याचा साळा राहायचा, त्याच्या शेजारी याने घर बांधायचं ठरवलं. कागद करून आला तो मोतीरामची थट्टा करतच.

"माहा हप्ता तुह्यापेक्षा कमी हाय. तेहतीस रुपये चार आने. साडेपाच रुपये वाचवले ना बाप्पा."

कर्ज तितकंच, व्याजाचा दरही तोच. गुरुजींना शंका आली. "मुदत किती?"

"तीस वर्ष."

पुन्हा खडू आला. प्लेटवर आकडा उमटला, अकरा हजार नऊशे सत्तर. गुरुजी म्हणाले, "हरिभाऊ, महिन्याला साडेपाच रुपये वाचवायला तुम्ही पावणेसत्तावीसशे रुपये जास्तीचे देणार."

हरिभाऊने आकडा नीट वाचला. मग डब्याचं झाकण लावत म्हणाला, "असू द्या गुरुजी. जोतिष्यानं मले अजून पंधराच वर्ष आयुष्य सांगतलं होतं. या लोकायनं तीस लिहून देले."

*

आमच्या गटाबरोबर एक रशियन इंजिनिअर काम करायचा. उंच, लाल तोंडाचा, स्वभावाने मऊ. त्याचं नाव आमच्या जिभेवर बसत नव्हतं, म्हणून आम्ही त्याला साहेबच म्हणायचो. मोतीरामने त्याला एका रविवारी रिसालीला चहाला बोलावलं. सोबत दुभाषा आला. साहेबांनी भिंतींवर हात फिरवून पाहिला, दाराची चौकट वाकून तपासली, विहिरीत डोकावून बघितलं. घर आवडलं म्हणाले. मग विचारलं, घर तुझं का?

मोतीराम खोटं बोलणारा नव्हता. त्याने गहाणाचं सांगितलं. दुभाष्याला ते रशियनमध्ये सांगायला बराच वेळ लागला.

साहेबांनी विचारलं, शेवटचा हप्ता भरशील तेव्हा तुझं वय काय असेल?

मोतीरामने बोटं मोजली. "त्रेपन."

साहेब उठून उभे राहिले. चहाचा कप वर धरला आणि अगदी गंभीरपणे काहीतरी म्हणाले. दुभाष्याने सांगितलं, "साहब आपको तिरपनवें जन्मदिन की बधाई दे रहे हैं। कहते हैं, उस दिन वे यहाँ नहीं होंगे, इसलिए आज ही।"

सगळ्यांनी चहा घेतला. मोतीरामचा कप हातातच राहिला. त्याचं वय तेव्हा चौतीस होतं.

*

त्या त्रेपन्नाने मोतीरामची झोप घालवली. त्याने गुरुजींना विचारलं, "याच्यावर काई इलाज?"

गुरुजी म्हणाले, "आहे. महिन्याला वीस रुपये जास्त भरा, मुद्दलात. वर्षं जवळजवळ निम्मी होतात. पण आत्तापासून. दहा वर्षांनी भरून फारसा उपयोग नाही."

वीस रुपये म्हणजे तेव्हा थट्टा नव्हती. पगार दीडशेच्या आसपास. मोतीरामने ओव्हरटाइम धरला. कोणी सुट्टीवर गेला की त्याची शिफ्ट मोतीरामकडे. दिवाळी, पोळा, होळी, ज्या दिवशी दुप्पट पैसे मिळायचे त्या दिवशी तो हमखास कामावर. विडी सुटली. घराला रंग लागला नाही. बरीच वर्षं ते घर सिमेंटच्याच रंगाचं होतं.

एकदा त्याचे वडील साकोलीहून घर पाहायला आले. म्हातारा पहिल्यांदाच आगगाडीत बसला होता. नेमकी त्याच आठवड्यात मोठी क्रेन बिघडलेली आणि मोतीराम लागोपाठ डबल शिफ्ट करत होता. म्हातारा तीन दिवस ओट्यावर बसून राहिला. मुलगा यायचा, आंघोळ करायचा, झोपायचा आणि उठून जायचा. चौथ्या दिवशी म्हाताऱ्याने पिशवी उचलली. वहिनी म्हणाली, "मामंजी, दोन दिवस थांबा, ते मोकळे होतीन."

म्हातारा म्हणाला, "घर चांगलं हाय, सूनबाई. घरमालकाले सांगजो, मी येऊन गेलो होतो."

त्यानंतर तो परत आला नाही. दोन पावसाळ्यांनी वारला. त्या वेळी मात्र मोतीरामने महिनाभर सुट्टी घेतली. त्या महिन्यात जास्तीचे वीस रुपये भरले गेले नाहीत. सुरुवात केल्यावर चुकलेला तेवढाच एक महिना.

हे मला मोतीरामने सांगितलं नाही. वहिनीने सांगितलं, बऱ्याच वर्षांनी.

*

कर्ज साडेदहा वर्षांत फिटलं. गुरुजींनी हिशोब केला, दोन हजारांच्या वर वाचले होते. कागद आणायला आम्ही चौघेही गेलो. क्लार्क तोच, केस पांढरे झालेले. त्याने गहाणाच्या कागदावर शिक्का मारला, सही केली आणि कागद मोतीरामच्या हातात ठेवला.

परत येताना अर्ध्या वाटेत मोतीरामने सायकल थांबवली. रस्त्याच्या कडेला मोहाच्या झाडाखाली बसला आणि चारही पानं पहिल्यापासून वाचू लागला. हप्ता चुकला तर काय, दोन चुकले तर काय, घर कोण विकणार, कोणाला विकणार, उरलेलं कोणाकडून वसूल करणार. एकेका ओळीवर बोट ठेवून वाचत होता. आम्ही उन्हात उभे.

वाचून झालं. त्याने कागदाची घडी केली, खिशात ठेवली आणि उठायच्या ऐवजी झाडाला टेकून बसला.

"काय झालं?" मी विचारलं.

"काई नाई. बरं झालं तवा वाचलं नाई," तो म्हणाला. "वाचलं असतं तर घर झालं नसतं."

*

आता जो किस्सा सांगतो तो खरं तर मधल्या वर्षांतला, पण मी तो नेहमी शेवटीच सांगतो.

जास्तीचे वीस रुपये भरायला सुरुवात केली तेव्हा पहिले तीन महिने सोसायटीने ते पुढच्या हप्त्याचे आगाऊ म्हणून धरले. त्याने व्याज एक पैसा कमी होत नव्हतं. क्लार्क म्हणाला, मुद्दलात घालायचे असतील तर दर वेळी तसं लेखी द्या. नियम आहे. अर्ज हिंदीत.

मोतीराम सदा शिफ्टवर. हप्ता भरायला वहिनी जायची, रिसालीहून दुर्गपर्यंत, कधी बसने, कधी कोणाच्या बैलगाडीत. तिला सहीपुरतंच लिहिता यायचं. एक-दोनदा दुसऱ्याकडून अर्ज लिहून घेतला, त्याने चार आणे घेतले. वहिनीला ते परवडलं नाही आणि आवडलंही नाही. तिने गुरुजींकडून एक ओळ पाटीवर लिहून घेतली. चुलीपुढे बसून महिनाभर ती ओळ गिरवली. 'अधिक राशि मूलधन में जमा की जाए।' म्हणजे जास्तीची रक्कम मुद्दलात जमा करावी. पुढे दर महिन्याला तिच्या हातची चिठ्ठी जाऊ लागली. अक्षर असं वळणदार आलं, की क्लार्क नव्या माणसांना नमुना म्हणून दाखवायचा.

त्यांची मुलगी सुशीला तेव्हा तिसरीत होती. शाळेतून प्रगतीपुस्तक आलं. पोरीचे गुण चांगले होते. खाली दोन ओळींची जागा कोरी होती आणि वर छापलेलं, 'बालिका की प्रगति के विषय में अभिभावक के विचार', म्हणजे मुलीच्या प्रगतीबद्दल पालकांचं मत. सुशीलाने आईला सांगितलं, इथं तुले लिहा लागते, आई, बाबा नाई हायेत आन उद्याच द्या लागते.

वहिनीने विचारलं, "काय लिहू?"

"काईबी लिव. बाई म्हने, आईनं आपल्या हातानं लिवलं पायजे."

वहिनीने टाक घेतला. हात पदराला पुसले. आणि तिला येत होती ती एकुलती एक ओळ, शिरोरेघ न मोडता, पूर्णविरामासकट, त्या जागेत लिहून दिली.

दोन दिवसांनी प्रगतीपुस्तक परत आलं. ते मी स्वतः पाहिलंय, सुशीलाने अजून जपून ठेवलंय. आईच्या निळ्या ओळीखाली शाळेच्या बाईंनी लाल शाईने लिहिलं आहे, 'जमा कर ली गई।'