वैदेहीचं ठेवलेलं राज्य

दिनानाथ परुळेकरांना जुना माल पडून राहिलेला बघवत नसे. तुर्भ्याच्या एका रंगाच्या कारखान्यात त्यांनी अख्खी नोकरी स्टोअरकीपर म्हणून काढली, आणि स्टोअरचा पहिला नियम त्यांच्या अंगात पक्का मुरला होता: आधी आलेला माल आधी बाहेर. नवा डबा हाताशी असला तरी मागचा जुना काढून तो द्यायचा. नाहीतर जुना मागेच राहतो, घट्ट होतो आणि एक दिवस फेकावा लागतो.

कारखान्यात हे ठीक होतं. कोपरखैरण्याच्या दोन खोल्यांच्या घरात मात्र या नियमाने मीनाताईंना वात आणला होता. कालचा पाव शिल्लक असला की आजचा फोडायचा नाही, आधी कालचा संपवायचा. तो संपेपर्यंत आजचा शिळा होई. त्यामुळे परुळेकरांकडे पाव रोज यायचा, पण ताजा पाव कुणाच्या तोंडी लागत नसे. पाहुण्यांना बिस्किटं मिळायची तीही सगळ्यात जुन्या पुड्यातली. "अहो, हे घर आहे की गोडाऊन?" असं मीनाताई विचारायच्या. दिनानाथांना त्यात टोमणा कधी दिसलाच नाही.

नियमाला अपवाद एकच. एखादा माल कुणासाठी राखून ठेवायचा असला तर त्याला लाल चिठ्ठी लावायची आणि तिच्यावर लिहायचं, होल्ड. मग तो कितीही जुना होवो, साहेबाने मागितला तरी त्याला हात लावायचा नाही. ही चिठ्ठी लावायला दिनानाथ नोकरीत कधी विसरले नाहीत. कारखाना बंद झाला तेव्हा त्यांनी स्टोअरचा चार्ज दिला, आणि घेणाऱ्याला एक वॉशरसुद्धा कमी सापडला नाही. हे ते भेटेल त्याला सांगत. सोसायटीतल्या लोकांचं ते पाठ झालं होतं.

नोकरी सुटल्यावर दिवस खायला उठला. घरात कॉम्प्युटर होता, पण तो मुलीचा. वैदेही वाशीला एका ऑफिसात होती, तिने तो स्वतःच्या पगारातून घेतला होता आणि त्यात एक राज्य वसवायचा खेळ होता. नकाशा ठरलेला: वर किनारा, मधोमध नदी, खाली डोंगर. गावं वसवायची, शेतं लावायची, कोठार भरायचं, तटबंदी बांधायची, आणि शेजारचे राजे चालून आले की लढायचं. वैदेही रविवारी खेळायला बसे. मागे पलंगावर बसून दिनानाथ लसूण सोलत बघायचे आणि गप्प बसायचे नाहीत.

"अगं, कोठारात दाणा नाही आणि तू जहाजं कसली बांधतेस?"

"पप्पा, मजा आहे त्यात. तुमी लसूण बघा."

तिने गावांना घरातली नावं दिली होती. बंदराला मोरा, कारण लहानपणी उरणला जाताना ती लाँचने तिथे उतरली होती आणि ते तिच्या मनात राहिलं होतं. एक गाव परुळं, एक सगुणाआत्या, आणि खाडीकाठचं एक भिमाबाई. भिमाबाई म्हणजे गावठाणातून दारावर येणारी मासेवाली. कोपरखैरणे हे नाव चौकटीत मावेना, म्हणून नुसतंच कोपर.

मे महिन्यात वैदेहीचं लग्न झालं. नवरा अभिराम नाशिकचा, शांत मुलगा. कॉम्प्युटर तिने इथेच ठेवला. पाठवणीच्या वेळी सगळ्यांचे डोळे पाण्याने भरलेले. वैदेही पाया पडून उठली आणि म्हणाली, "पप्पा, माझं राज्य अर्धवट आहे. तसंच ठेवा हं. दिवाळीला येऊन पुढे खेळीन. चार्ज तुमच्याकडे."

"बरं," दिनानाथ म्हणाले. त्यांच्याकडून तेवढंच निघालं.

ती गेल्यावर तिची खोली हळूहळू घराने गिळली. कपाटात लोणच्याच्या बरण्या आणि गोधड्या गेल्या. टेबलाखाली शिलाईचं मशीन आलं. भिंतीवरची तिची चित्रं रंगकामात निघाली ती पुन्हा लागलीच नाहीत. कुणी मुद्दाम केलं नव्हतं. दोन खोल्यांच्या घरात जागा रिकामी राहत नाही, एवढंच.

पावसाळ्यात बाहेर पडणं मुश्कील झालं तेव्हा दिनानाथ खेळायला बसले. मुलीने पानावर पायऱ्या लिहून ठेवल्या होत्या, त्यांवरून जमलं. लवकरच त्यांचं राज्य असं झालं की कोठारं ओसंडून वाहू लागली. लढाई मात्र त्यांना मनापासून आवडत नसे. त्यांचा जीव रमला तो वेगळ्याच गोष्टीत. खेळ सोडून उठताना तो ठेवून देता यायचा. ठेवलेला खेळ एका यादीत जमा होई, आणि पुन्हा बसल्यावर यादीतून उचलला की सोडला होता त्याच वर्षापासून चालू. दिनानाथ नदी ओलांडायच्या आधी एक खेळ ठेवत, ओलांडल्यावर दुसरा. नवं गाव वसवायच्या आधी एक, आणि जेवायला उठताना एक. मधूनच जुना उचलून सगळं ठेवल्या जागी आहे ना हे बघत. लढायला नव्हे, फक्त बघायला. स्टोअर पुन्हा हाती आल्यासारखं त्यांना वाटत होतं.

यादीत जागा दहाच. त्या भरल्या की खेळ विचारायचा, यातला कुठला काढून टाकू? या प्रश्नाचं उत्तर दिनानाथांना आयुष्यभर माहीत होतं. प्रत्येक ठेवलेल्या खेळापुढे राजाचं नाव आणि वर्ष असे. नाव सगळीकडे एकच, कारण ठेवताना खेळ सुचवेल ते नाव बापलेक दोघांनीही तसंच राहू दिलं होतं. ज्याचं वर्ष सर्वांत मागचं, तो जुना माल. ते बोट ठेवत, तो जाई आणि त्याच्या जागी नवा येई. ही व्यवस्था बघून त्यांना अगदी बरं वाटे.

दिवाळीच्या थोडं आधी नाशिकहून फोन आला. "पप्पा, आमी धनत्रयोदशीला येतोय. माझं राज्य आहे ना? इथे सगळ्यांना सांगून ठेवलंय की माहेरी माझं राज्य आहे म्हणून. अभिराम हसतो."

"आहे की," दिनानाथ म्हणाले आणि फोन ठेवून कॉम्प्युटर लावला.

यादी उघडली. वरून एकेक खेळ उचलायला सुरुवात केली. पहिल्यात कोठार भरलेलं. दुसऱ्यात भरलेलं. तिसऱ्यात नदीपलीकडची त्यांची तटबंदी. असं करत ते तळापर्यंत आले आणि पुन्हा वर गेले. दहाच्या दहा खेळ त्यांचे. मोरा नाही, भिमाबाई नाही, कोपर नाही. तिचं वर्ष सगळ्यांत मागचं होतं. ते कधीच गेलं होतं, त्यांच्याच बोटाने, कुठल्या तरी दुपारी जेवायला उठताना.

सेक्टरात कॉम्प्युटर क्लास चालवणाऱ्या आशुतोषला त्यांनी विचारलं. तो म्हणाला, "काका, त्याच्यावर दुसरं लिहिलं गेलं ना, मग संपलं. टेन्शन नका घेऊ, गेमच आहे." दिनानाथ मान हलवून घरी आले. जेवताना त्यांनी ताटातली भाकरी नुसती कुस्करली.

"काय झालं?" मीनाताईंनी विचारलं.

त्यांनी सांगितलं. आधी मीनाताईंना हसू आलं, मग नवऱ्याचा चेहरा बघून ते ओसरलं.

"कपाटात तुझ्या बरण्या आहेत," दिनानाथ म्हणाले. "तिचं या घरात ठेवलेलं एवढंच होतं. तेवढंसुद्धा मला ठेवता आलं नाही."

मीनाताई ताट उचलत म्हणाल्या, "पुन्हा बांधा. मला आठवतंय सगळं."

दिनानाथांना हे खरं वाटेना. मीनाताई त्या कॉम्प्युटरच्या वाऱ्याला उभ्या राहत नसत. पण वैदेही खेळताना स्वयंपाकघराकडे तोंड करून सगळं ओरडून सांगायची, आणि चहा द्यायला गेलं की पडदा दिसायचा. दिनानाथांनी स्वतःचा एक जुना खेळ काढून जागा केली आणि पहिल्या वर्षापासून नवं राज्य मांडलं. शेजारी मीनाताई करंज्यांचं सारण ढवळत बसल्या आणि पडद्यावरच्या जागा खोलीतल्या वस्तूंवरून सांगू लागल्या.

"मोरा खिडकीच्या अंगाला. आणखी वर. हां."

"आणि सगुणाआत्या?"

"कपाटाकडे. आत्याला तिने डोंगरात टाकली होती, तुमच्या बहिणीला कळलं असतं तर बोलली नसती वर्षभर. भिमाबाई तिच्यावर. अहो, एवढ्या खाली नाही, ती खाडीला हवी."

असं रोज थोडं थोडं करत राज्य उभं राहिलं. गावं जागेवर आली, जहाजं मोऱ्याला लागली, परुळ्याभोवती अर्धवट तट झाला, जसा तिने सोडला होता. फक्त एका गोष्टीवरून दोघांचं रोज वाजे.

"तिच्याकडे एवढं धान्य नव्हतं," मीनाताई म्हणायच्या. "ती सारखी ओरडायची, आई, माझी माणसं उपाशी मरतायत. काढा ते."

"काढतो," दिनानाथ म्हणत. ते दाणा विकायला जात, आणि दुसऱ्या वर्षी कोठार पुन्हा भरलेलं असे. शेत दिसलं की त्यांचा हात आपोआप पेरायला जाई. रिकामं कोठार मुद्दाम रिकामं ठेवायचं ही गोष्ट त्यांच्याकडून होईना. शेवटी ते चिडून म्हणाले, "मी उपाशी ठेवू का तिच्या लोकांना?" यावर मीनाताईंनी सारणाकडे बघितलं आणि विषय सोडला.

लेक-जावई आले. पहिलीच दिवाळी, म्हणून घरात गडबड. नरकचतुर्दशीला आंघोळी आणि फराळ उरकल्यावर वैदेही ओल्या केसांनी कॉम्प्युटरपुढे बसली. अभिराम बाहेरच्या खोलीत पेपर वाचत होता. दिनानाथ चिवड्याची बशी घेऊन मागे पलंगावर बसले, नेहमीच्या जागी. बशीतलं त्यांनी काही खाल्लं नाही.

"कुठलं माझं?"

"सगळ्यात खालचं. वर्ष सर्वांत मागचं."

तिने ते उचललं. नकाशा उघडला तशी ती हसली आणि गावं मोजल्यासारखी एकेक नाव घेऊ लागली. मोरा. परुळं. सगुणाआत्या. भिमाबाईवर तर ती खळखळून हसली. दिनानाथांचा श्वास जरा मोकळा झाला. मग तिने कोपरचं कोठार उघडलं आणि तिचा हात थांबला. तिने परुळ्याचं उघडलं, मोऱ्याचं उघडलं.

"पप्पा, हे माझं नाही."

मीनाताई दारात येऊन उभ्या होत्या. "मी सांगत होते त्यांना," त्या म्हणाल्या.

"तुझं गेलं, वैदू," दिनानाथ म्हणाले. "जुना माल म्हणून मीच काढून टाकलं. चिठ्ठी लावायला हवी होती, लावली नाही. हे आमी दोघांनी आठवून आठवून बांधलंय." आणि मग त्यांना जे म्हणायचं होतं तेही ते बोलले. "तू एक गोष्ट ठेवायला दिलीस आणि मी ती हरवली. फार वाईट वाटलं मला."

वैदेही पडद्याकडेच बघत राहिली. तिला राग आला असता तर त्यांना सोपं गेलं असतं.

"माझ्या राज्यात राम नव्हताच, पप्पा," ती म्हणाली. "कोठार रिकामं, दोन बाजूंनी राजे आलेले. आणखी दोन वर्षं खेळले असते तर बुडालंच असतं. मला माहीत होतं."

"मग ठेवलंस कशाला?"

"संपवायचं नव्हतं." ती खुर्चीत वळली. "त्या आठवड्यात सगळंच संपत होतं. ऑफिस सुटलं, ही खोली सुटली. म्हटलं, एवढं तरी अर्धवट राहू दे. काही अर्धवट असलं की परत येता येतं."

दिनानाथांनी बशी खाली ठेवली.

"हेपण अर्धवटच आहे," ते म्हणाले. "परुळ्याचा तट व्हायचाय. आणि दाणा पुष्कळ आहे, लवकर नाही संपायचा."

वैदेहीने डोळे पुसले आणि खेळू लागली. बापाने भरलेलं धान्य तिने पहिल्याच वर्षी जहाजांवर उडवलं. मागून दिनानाथांना राहवेना. "अगं, अगं," म्हणून त्यांनी दोनदा हात पुढे केला आणि दोन्ही वेळा मागे घेतला.

दुपारी अभिरामच्या मावशीकडे वाशीला जायचं होतं. तो दारात येऊन उभा राहिला तेव्हा वैदेहीने खेळ ठेवायला घेतला. यादी उघडली, आणि खेळाने नेहमीचा प्रश्न विचारला.

"जागा नाही, पप्पा. कुठला काढू?"

"माझा काढ कुठलाही."

"हा? हा तर तुमचा सगळ्यात पुढच्या वर्षाचा आहे."

"काढ गं."

तिने तो काढला. ती पुढचं बटण दाबणार तेवढ्यात दिनानाथ उठले, कीबोर्ड आपल्याकडे ओढला, आणि खेळाने सुचवलेलं राजाचं नाव एका बोटाने एकेक अक्षर करून खोडलं. त्या जागी त्यांनी वैदेहीचं नाव लिहिलं. पुढे थोडी जागा उरली होती, त्यात लिहिलं, होल्ड. नीट लिहिलंय ना ते चष्मा वर करून पाहिलं, आणि मग म्हणाले, "हं, आता ठेव."