सहा आठवड्यांचे दोन

धंतोलीतल्या एका डॉक्टरांनी मला फसवलं. ते खोटं बोलले नाहीत. नको ती तपासणी लावली नाही, एक गोळीही जास्त लिहून दिली नाही. तरी फसवलं. कसं ते सांगते, कारण उद्या तुम्हीही गुडघा धरून तशाच एखाद्या खुर्चीत बसाल.

त्या दिवशी त्यांनी माझ्या एमआरआयची काळी फिल्म उजेडासमोर धरली. माझा उजवा गुडघा तिच्यात धुक्यातल्या टेकडीसारखा दिसत होता. वर मांडीचं हाड, खाली नडगीचं, आणि दोन्हींच्या मधे एक काळी बारीक पाचर. त्या पाचरीत केसाएवढी पांढरी रेघ होती. डॉक्टरांनी रेघेवर पेन टेकवलं आणि म्हणाले, "मेनिस्कस फाटलाय. सहा आठवडे उकिडवं बसायचं नाही, मांडी घालायची नाही, पाय रोवून वळायचं नाही. फाट कडेला आहे, म्हणजे नशीब चांगलं आहे. जुळून येईल."

मेनिस्कस म्हणजे दोन हाडांच्या मधली कुर्चेची गादी. प्रत्येक गुडघ्यात अशा दोन असतात, एक आतल्या बाजूला आणि एक बाहेरच्या. आकार विचाराल तर सोललेल्या संत्र्याच्या फोडीसारखा. चंद्रकोरीगत वाकलेली, बाहेरून जाड, आत निमुळती होत गेलेली. जाड कडेला रक्त पोचतं, म्हणून तिथली जखम भरू शकते. निमुळत्या बाजूला रक्त पोचत नाही. तिथे फाटलं की फाटलं. हे सगळं त्यांनी मला नीट समजावलं, ते कबूल करते.

मी संत्र्याच्या बागा घेते. झाडावरचा उभा माल बघून सौदा करते. शहरातल्या सदर भागात फुटपाथवर टोपली मांडून सुरुवात केली होती, तिथून काटोल-नरखेडपर्यंत पोचले, आणि ते कोणाच्या मेहेरबानीने नाही. बाहेरून बाग सगळ्यांनाच भरलेली दिसते. खरा माल कळतो तो झाडाच्या पोटात शिरून, उकिडवं बसून वर पाहिलं की. आतल्या फांद्यांवर किती आहे आणि खाली किती गळालं आहे, ते तिथूनच दिसतं.

तिथे बसणं मला आवडायचं, हेही सांगून टाकते. वर हिरवा घुमट, त्यातून उन्हाचे कवडसे गळत असतात, सालीचा वास येतो, आणि बाहेर बोलणारी माणसं दूर कुठे तरी गेल्यासारखी वाटतात. अशीच एकदा बसलेली असताना बागवाल्याने मागून हाक मारली. मी उठता उठता वळले. गुडघ्यात टच् झालं. संध्याकाळपर्यंत तो खरबुजाएवढा सुजला होता.

तर डॉक्टर सहा आठवडे म्हणाले. आंबिया बहाराचे, म्हणजे हिवाळ्याच्या तोंडावर पिकणाऱ्या संत्र्यांच्या सौद्यांचे दिवस होते. सहा आठवड्यांत सगळ्या बागा दुसऱ्यांच्या हातात गेल्या असत्या.

मी म्हटलं, "सहा फार होतात. एक करा."

ते हसले. "ताई, हा काय संत्र्याचा सौदा आहे?"

"मग दोन. दोन आठवडे पलंगावरून हलणार नाही, शब्द देते."

त्यांनी दाराकडे पाहिलं. बाहेर रांग होती. "बरं," म्हणाले, "दोन आठवडे कडक आराम करा. मग जपून सुरू करा."

बाहेर बाकावर आमचे यजमान चपला सांभाळत बसले होते. एसटीच्या वर्कशॉपमधून निवृत्त झालेले, स्वभावाने थंड. मी म्हटलं, "सहा म्हणत होते, दोनवर आणलं."

"वा वं!" ते म्हणाले. "डॉक्टरलेही नाही सोडलं तुनं."

आम्ही दोघंही हसलो. आमच्या धंद्यात पहिला आकडा हा आकडाच नसतो. प्रामाणिक माणूसही तो फुगवून सांगतो, कारण समोरचा तो खाली ओढणार हे त्याला माहीत असतं. शेवटी माणूस ज्यावर थांबतो, तो खरा. त्या डॉक्टरांचा खरा आकडा दोन आहे असंच मी मनापासून समजले. फाटलेल्या मेनिस्कसचा पहिला आकडाच खरा असतो, हे मला कोण सांगणार होतं?

दोन आठवडे मी शब्द पाळला. पायाखाली उशी घेऊन पडून राहिले. खिडकीतून ऊन यायचं, भिंतीवरून सरकत कपाटापर्यंत जायचं आणि विझायचं. सूज उतरली. दुखणं थांबलं. अर्धवट झोपेत मला वाटायचं, गुडघ्यात कोणी तरी बारीक सुईने शिवतंय. आता कळतं, ते खरोखरच शिवणं चालू होतं. मी अर्ध्यात उठले.

पंधराव्या दिवशी मी बागेत होते. झाडाखाली बसले, वर पाहिलं, मन भरलं. उठायला गेले तर पाय सरळ होईना. दुखण्याचं सोडा, जागचा हलेना. दारात खडा अडकून दार अर्धवट राहावं तसा गुडघा अर्धवट राहिला. डॉक्टरी भाषेत याला लॉक होणं म्हणतात.

सोबत आलेल्या यजमानांनी वाकून आत पाहिलं. "काहून वं, उठून काहून नाही राहिली?"

"उठता येऊन नाही राहिलं," मी ओरडले. "पाहून काय राहिले तुमी? वढा बाहेर!"

तोडणीच्या बायांनी फळं उतरवायची शिडी आडवी केली, तिच्यावर पोती टाकली आणि मला त्यावर निजवून गाडीपर्यंत नेलं. शिडी धरलेली विमल म्हणाली, "काकू, आज फळं राहू द्या. आज तुमालेच तोडून नेऊन राहिलो." मी तिला शिवी दिली. वर मात्र झाडं उलटी वाहत होती, फांद्यांमागून फांद्या, आणि प्रत्येकीवर पिवळे दिवे लागल्यासारखी संत्री. इतकी बाग मी कधी पाहिली नव्हती. आयुष्यभर मी फक्त मोजलं होतं.

पुन्हा धंतोली, शहरातली ती दवाखान्यांची वस्ती, पण दवाखाना दुसरा. प्रतीक्षागृहात गडचिरोलीपासून यवतमाळपर्यंतची माणसं फिल्मच्या पिशव्या मांडीवर घेऊन बसली होती. हिरवट भिंती, पंख्याची घरघर. तलावाच्या तळाशी बसल्यासारखं वाटत होतं. मधूनच एखादं नाव पुकारलं जायचं आणि एक जण लंगडत वर निघून जायचा.

इथल्या डॉक्टरीणबाई माझ्याहून लहान. नवी फिल्म पाहून म्हणाल्या, "बकेट हँडल टेअर." म्हणजे बादलीची कडी. फाट वाढत वाढत लांब झाली, आतला पट्टा कडीसारखा उलटला आणि सांध्यात अडकून बसला. म्हणून गुडघा लॉक झाला. उपाय आर्थ्रोस्कोपी. दोन छोटी छिद्रं पाडायची, एकातून कॅमेरा घालायचा आणि दुसऱ्यातून हत्यार. "शिवता आलं तर शिवू. नाही तर तेवढा भाग कापून काढावा लागेल. काढलेला पुन्हा येत नाही. पुढे हाडावर हाड घासायची भीती राहते."

"शिवणारच म्हणा," मी म्हटलं.

"आत पाहिल्याशिवाय म्हणणार नाही."

"निम्मं तरी नक्की म्हणा."

"ताई, माझ्याकडे एकच उत्तर असतं. ते दोनदा विचारलं तरी तेच असतं."

मला राग आला. दुसऱ्या डॉक्टरकडे चला, असंही यजमानांना म्हटलं. ते एवढंच म्हणाले, "हिच्याजवळ तुयी डाळ शिजून नाही राहिली, म्हणून इथंच राहू."

ऑपरेशनच्या दिवशी स्पायनल अनेस्थेशिया दिला. पाठीच्या कण्यात सुई देऊन कमरेखालचा भाग बधिर करतात, माणूस जागा राहतो. माझे पाय कोणा दुसरीचे झाले. बाईंनी विचारलं, "स्क्रीनवर पाहायचंय?"

मी पाहिलं. आत पाणी होतं आणि पाण्यात पांढरा उजेड. मांडीचं हाड चंद्रासारखं गुळगुळीत. ही चकाकी कार्टिलेजची, बाई म्हणाल्या, हाडावरच्या नितळ थराची. मधे जाडजूड दोर तिरपा ताणलेला, ते पुढचं लिगामेंट, गुडघा जागच्या जागी धरणारं. ते शाबूत होतं. कडेला मऊ झालरी पाण्यात हलत होत्या, गुडघ्याचं तेलपाणी करणाऱ्या अस्तराच्या. कुठेही आवाज नाही. मला वाटलं, मी पुन्हा झाडाच्या पोटात बसले आहे, फक्त हे झाड पांढरं आहे आणि माझंच आहे. इतकी वर्षं मी याच्यावर बसत होते, उठत होते, आणि याला एकदाही पाहिलं नव्हतं.

मग तो पट्टा दिसला. चिंध्या झालेला, चुरगळलेला, प्रवाहात हेलकावे खात होता. बाईंनी हत्याराने हळूच उचलून पाहिला, सोडला, पुन्हा उचलला. कितीतरी वेळ गेला.

"ताई, हाडांत चिरडलाय. टाका धरणार नाही."

"थोडा तरी ठेवा," मी म्हटलं. आयुष्यात एवढ्या हळू आवाजात मी सौदा केला नव्हता.

"चांगला आहे तेवढा सगळा ठेवते. याहून जास्त नाही."

तुकडे निघून गेले. पांढऱ्या बागेत एक जागा रिकामी दिसायला लागली.

आता मी चालते. फिजिओथेरपी, म्हणजे व्यायामाचे उपचार, रोज करते. मांडीचे स्नायू बळकट झाले की गुडघ्यावरचा भार ते उचलतात. तुम्हीही कंटाळू नका. उकिडवं बसणं मात्र संपलं. त्यामुळे आता मी फक्त तुळशीरामजींसारख्यांकडून माल घेते. काटोलकडचे हे म्हातारे बागवाले एकदा आकडा सांगतात आणि गप्प बसतात. पूर्वी मी त्यांच्या तोंडावर त्यांना अडेल म्हणायची. तरी त्यांच्या आकड्यावर विसंबून त्यांच्या बागेत मी कधी वाकून पाहिलं नव्हतं, हे आता आठवतं. डॉक्टरीणबाईंना मी पहिल्या तोडणीची पेटी दिली आणि हात जोडले.

त्या पहिल्या डॉक्टरांकडेही फाइल घेऊन गेले होते. ते म्हणाले, "तुम्हीच ऐकत नव्हता, ताई." खरं आहे. घासाघीस मी केली. माझा दोष मी इथे सगळ्यांसमोर मांडला आहे, आणि त्याचा दंड गुडघा रोज जिना चढताना भरतो.

पण डॉक्टर, मी बागा घेणारी बाई. आकडा खाली ओढणं हे माझं काम. त्यावर अडून बसणं हे तुमचं काम होतं. फिल्म तुम्हाला वाचता येत होती, मला नाही. सहाचे दोन करताना तुम्ही गुडघ्याकडे पाहिलं नाही, दाराकडे पाहिलं. फाट कडेला होती, जुळून आली असती, हे तुमचेच शब्द. मग तुम्ही "नाही" का म्हणाला नाहीत? तुमच्या दाराबाहेर आजही रांग आहे, आणि तिच्यात माझ्यासारख्या आणखी असतील. मला आता तुमच्याकडून दुसरं काही नको. याचं उत्तर द्या.