बाजूला काढलेली चिठ्ठी

सत्त्याण्णव-अठ्ठ्याण्णवच्या सुमाराची गोष्ट आहे. मी तेव्हा जुन्नरला कॉलेजात बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होतो आणि रोज बोरी बुद्रुकहून एस.टी.नं ये-जा करायचो. आता पन्नाशी जवळ आलीय. एका हायस्कुलात शिकवतो. पोरं मला पाहून आवाज बंद करतात, गावातली माणसं सल्ला विचारायला येतात. त्या वर्षी मी जे केलं ते आजवर कुणालाही सांगितलेलं नाही, बायकोलासुद्धा.

त्या हिवाळ्यात कॉलेजात एका डॉक्टर मॅडमचं व्याख्यान ठरलं. विषय होता आरोग्य, पण कोणतं आरोग्य ते सगळ्यांना कळलं होतं. एड्सची भिंतपत्रकं तेव्हा एस.टी. स्टँडवरही लागली होती. त्यापलीकडचं कुणी बोलत नसे. मुलं एकमेकांना सांगायची ते ऐकीव आणि बहुतेक चुकीचं असायचं. मुली काय बोलत असतील याची आम्हांला कल्पनाच नव्हती.

तोंडानं कुणी प्रश्न विचारणार नाही हे ओळखून आमच्या सरांनी तोड काढली. बुटाच्या रिकाम्या खोक्याला फट पाडायची आणि ते दोन दिवस ग्रंथालयाच्या दारात ठेवायचं. ज्याला विचारायचं त्यानं नाव न घालता चिठ्ठी टाकायची. मी वर्गप्रतिनिधी होतो, म्हणून ही सूचना वर्गावर्गांत जाऊन मीच दिली. माझे शब्द मला नीट आठवतात. मी म्हणालो होतो, "नाव लिहू नका. चिठ्ठ्या कुणी वाचणार नाही. खोकं थेट मॅडमच्या हातात जाईल."

व्याख्यानाच्या दिवशी सकाळी सरांनी मला बोलावलं.

"मॅडम बाहेरून येणार आहेत. आपली पोरं काय लिहितील नेम नाही. तू एकदा बघून घे. वात्रट असेल, शोभणार नाही असं काही असेल, ते बाजूला काढ."

"सर, मी कबूल केलंय, कुणी वाचणार नाही म्हणून."

"अरे, तू वाचलंस म्हणजे कुणी वाचलं असं होतं का?"

त्यांचा माझ्यावर विश्वास होता आणि मला तो विश्वास आवडत होता. रिकाम्या वर्गात दार लोटून मी खोकं टेबलावर उलटं केलं.

पहिल्या काही चिठ्ठ्या वाचून मी एकटाच हसलो. सायकल जास्त चालवल्यानं कमजोरी येते का? स्वप्नात जे होतं त्यानं रक्त आटतं का? एस.टी.त एका मुलीशेजारी बसलो होतो, तिचा घाम लागला, तर एड्स होईल का? एकानं विचारलं होतं, "मॅडम, तुमचं लग्न झालंय का?" ती मी लगेच बाजूला काढली. बाकीच्या हसण्यासारख्या असल्या तरी त्यांमागे पोरं किती घाबरलेली आहेत ते दिसत होतं. मीही त्यांच्यातलाच होतो. सायकलचा प्रश्न माझाच होता.

मग वहीच्या पानाची बारीक घडी घातलेली एक चिठ्ठी उघडली.

"पाळी दोन महिने आली नाही. लग्न झालेलं नाही. तपासायला कुठं जावं? गेलं तर डॉक्टर घरी कळवतात का?"

अक्षर मी ओळखलं. त्याच साली कांदा काढणीच्या वेळी माझे तीन आठवडे बुडाले होते आणि वर्गातल्या एका मुलीनं मला अर्थशास्त्राची वही दिली होती. तिची चाळीस पानं मी उतरवून घेतली होती. ती बेल्ह्याची. जुन्नरला एका मैत्रिणीबरोबर खोली घेऊन राहायची. वही परत करताना मी "अक्षर छान आहे" म्हणालो, तर ती म्हणाली होती, "अक्षर बघायचं नव्हतं, अभ्यास करायचा व्हता." एवढंच आमचं बोलणं. पण मी त्या वाक्यावर महिनाभर जगलो होतो.

चिठ्ठी हातात घेऊन मी किती वेळ बसलो सांगता येत नाही. सगळ्यात आधी तिची काळजी वाटायला हवी होती. मला राग आला. माझी काही वस्तू कुणीतरी नेली असा राग. ती माझी कधीच नव्हती आणि हे तिला माहीतही नव्हतं. पुढं कित्येक वर्षं मी स्वतःला सांगत आलो की सरांनी सांगितलं म्हणून मी ती चिठ्ठी काढली. ते खरं नाही. सरांनी सांगितलं नसतं तरी मी ती काढली असती.

चिठ्ठी मी शर्टाच्या खिशात ठेवली.

व्याख्यान दुपारी झालं. एका बाजूला मुलं, एका बाजूला मुली, मध्ये मोकळी वाट. मॅडम फार साध्या आणि नीट बोलल्या. सायकलच्या प्रश्नावर पोरं खिदळली तेव्हा त्या म्हणाल्या, "हसू नका, हा प्रश्न तुमच्यातल्या निम्म्यांचा आहे." शेवटी खोकं उलटं करून त्यांनी टेबलावर थोपटलं. "संपल्या की!" म्हणाल्या आणि घड्याळात पाहिलं. मी मुलींच्या बाजूला बघितलं नाही.

दुसऱ्या दिवशी सायकल स्टँडपाशी तिचा चुलत भाऊ भेटला. तो आमच्याच कॉलेजात, मोटारसायकलवरून यायचा, माझा बऱ्यापैकी मित्र होता.

"काय राव, कुणी मेल्यासारखं तोंड केलंय?"

"तुझ्या बहिणीकडं लक्ष दे जरा."

"का? काय केलं तिनं?"

मी चिठ्ठी दिली. त्यानं ओठ हलवत दोनदा वाचली.

"हे कुठं गावलं तुला?"

"कुठं का गावंना. अक्षर बघ."

"अजून कुणी बघितलंय?"

"नाय."

त्यानं चिठ्ठी घडी करून पाकिटात ठेवली. "लई उपकार झाले, भावा," म्हणाला आणि माझ्या खांद्यावर हात ठेवला. मला बरं वाटलं. हे लिहिताना लाज वाटते, पण तेव्हा बरं वाटलं.

चार दिवसांत ती कॉलेजात दिसेनाशी झाली. दीड-दोन महिन्यांनी कळलं, तिचं लग्न झालं. मी मनात म्हणालो, वेळेवर सावरलं. मधल्या काळात आणखी एक गोष्ट झाली. तिची खोलीवरची मैत्रीण, आंबेगावच्या डोंगरातली, आहुप्याच्या अलीकडच्या वाडीची अबोल मुलगी, गावाला गेली ती परत आलीच नाही. काविळीनं वारली असं समजलं. व्याख्यान झालं त्याच हॉलमध्ये तिच्यासाठी आम्ही दोन मिनिटं उभे राहिलो. मी वर्गाच्या वतीनं चार शब्द बोललो. तिच्याबद्दल काहीच माहीत नव्हतं, म्हणून "शांत स्वभावाची" असं दोनदा बोललो.

दहा वर्षं गेली. मी नोकरीला लागलो, लग्न झालं, मुलगी झाली. एकदा बायकोच्या दोन साड्या फॉल-पिकोला टाकायला आळेफाट्यावरच्या एका दुकानात गेलो. मशीनवर वाकलेल्या बाईनं मान वर न करताच म्हटलं, "या सर, बसा. दारातच वळखलं मी तुमाला."

आवाजावरून मी तिला ओळखलं. ती अंगानं भरली होती, केस पुढून पिकले होते. मी साड्या तशाच हातात धरून उभा राहिलो.

"ठेवा की त्या. चावत न्हाई मी."

मी बसलो. इकडचं तिकडचं बोललो. तिला दोन मुलगे. नवरा टेंपो चालवतो. दुकान तिचं स्वतःचं. मग मी म्हणालो, "तुमचा भाऊ कसा आहे?" आणि म्हणताच कळलं की हे विचारायला नको होतं.

तिनं मशीन थांबवलं.

"त्यानं सांगितलं मला. अक्षता पडायच्या आधी, खोलीत येऊन. म्हणला, वर्गप्रतिनिधीनं सांगितलं म्हणून घराची अब्रू वाचली. त्याला वाटलं, मी पण तुमचे उपकार मानीन."

"माझं चुकलं," मी म्हणालो.

"काय चुकलं ते तरी ठावं हाय का तुमाला?"

तिनं मशीनवरचं कापड बाजूला सारलं.

"अक्षर माझं व्हतं. चिठ्ठी माझी नव्हती. माझ्या खोलीवरच्या मैत्रिणीची व्हती. तिला लिहवंना. म्हणली, तूच लिही, तुझं अक्षर मॅडमना लागंल."

दुकानाबाहेर एस.टी. थांबली, माणसं उतरली, गाडी पुन्हा निघाली.

"घरी मला लई हाणलं. मग डॉक्टरणीकडं नेलं. ती म्हणली, हिला काय बी न्हाई. तरी आई म्हणली, काय न्हाई तर असलं विचारलंच कशाला? शिक्षण बंद. मी तिचं नाव न्हाई घेतलं. वाटलं, आपलं झालं ते झालं, तिचं तरी नको. नाव घेतलं असतं तर कुणीतरी तिला दवाखान्यात नेलं असतं. ते माझ्याकडं लागतं, तुमच्याकडं न्हाई. पण बाकीचं तुमच्याकडं लागतं."

"म्हणजे ती... कावीळ..."

"कसली कावीळ. कुणीतरी झाडपाल्याचं दिलं. डोंगरातून खाली आणता आणता वाटेतच गेली." तिनं साडीची घडी उलगडली, पुन्हा घातली. "त्या दिवशी आमी तिसऱ्या बाकावर बसलो व्हतो. मॅडमनी एकेक चिठ्ठी वाचली. खोकं रिकामं करून दाखवलं. ती मला हळूच काय म्हणली, ठावं हाय? म्हणली, 'याला उत्तर नसतं वाटतं.'"

ज्या पोरामुळे हे झालं तो कोण, हे मी तिला विचारलं नाही. पुढं लक्षात आलं की तेव्हाही ते कुणी विचारलं नव्हतं. चिठ्ठी माझ्या हातात होती तेव्हा मीसुद्धा नाही.

ती म्हणाली, "तिची आई हाय अजून. मी दोनदा निघाले, घोडेगावातून माघारी आले. मला जमत न्हाई. तुमी जा. तिला सांगा, पोरीनं मदत मागितली व्हती म्हणून. तेवढं तरी तिला कळू द्या." मग मशीनला पाय लावत म्हणाली, "साड्या परवा न्या."

पुढच्या रविवारी मी गेलो. घोडेगावहून आहुप्याची एस.टी. धरली आणि अलीकडे उतरलो. वाटेत वाक्य पाठ करत होतो. मावशी, तुमच्या मुलीनं विचारलं होतं, ते मी पोचू दिलं नाही. चढावर धाप लागली की वाक्य तुटायचं, मी पुन्हा पहिल्यापासून म्हणायचो.

घराच्या ओट्यावर एक बाई नाचणी पाखडत होती. मी तिच्या मुलीच्या वर्गात होतो म्हटल्यावर ती सूप बाजूला ठेवून बघत राहिली.

"एवढ्या वर्सांनी? कालेजातलं कोनी आलं नव्हतं. तुमीच पयले."

तिनं घोंगडी अंथरली, कोरा चहा केला. मुलगी किती हुशार होती ते सांगितलं. वाडीत तिच्याइतकं कोणी शिकलं नव्हतं. मग चहाचा कप माझ्या हातात देताना म्हणाली, "समदी कावीळ म्हनत्यात. कावीळ नव्हती ती. तिचं कापडं मीच धुतलं."

आईला धक्का बसेल म्हणून गप्प राहिलो, असं म्हणायची सोयही आता उरली नव्हती.

"मला येवढंच कळत न्हाई," ती म्हणाली, "माज्यापाशी का न्हाई बोलली? मी काय तिला मारलं असतं?"

"लाजली असेल, मावशी."

"आईची कसली लाज?" तिनं सूप पुन्हा पुढ्यात ओढलं. "बरं, माज्यापाशी न्हाई तर न्हाई. तिकडं तरी कुनाला इचारायचं. येवढं मोटं कालेज. येवढी शिकल्याली मानसं. कुनाला तरी इचारायचं व्हतं."

विचारलं होतं तिनं. एवढेच तीन शब्द मला बोलायचे होते. मी कप उपडा ठेवला आणि खाली जाणारी एस.टी. किती वाजता येते ते विचारलं.