रुमालाखालचा भाव

बांगलादेशच्या लढाईचा विषय निघाला की आमच्या चिंचवडातली माणसं खुलतात. खिडक्यांना काळे कागद कसे चिकटवले, भोंगा वाजला की पोरं पलंगाखाली कशी घुसली, जिंकल्याच्या दिवशी कंपनीत पेढे कसे वाटले. मी ऐकत बसतो आणि माझं टाळकं तापत जातं. काळ्या कागदाचं मला कुणी सांगू नये. त्या कागदामागे मी राहून आलोय. त्या लढाईत मला आणि माझ्याबरोबरच्या एका म्हाताऱ्याला हेर म्हणून तुरुंगात टाकलं होतं. आमचा गुन्हा एवढाच, की रस्त्याच्या कडेला बसून आम्ही बैलजोडीचा भाव करत होतो.

मी तेव्हा हेडी होतो, म्हणजे बैलांचा व्यापारी. आज लोक मला जुन्या मशिनींच्या धंद्यातला माणूस म्हणून ओळखतात, पण माझी शाळा चाकणचा बैलबाजार. बापाने मागे ठेवलं ते एक काठी आणि तापट डोकं. दुसऱ्यांची जनावरं हाकता हाकता मी स्वतःची हाकायला लागलो, आणि भाव पाडण्यात माझा हात धरणारा बाजारात कुणी उरला नाही. एक सोडून. त्याला सगळा बाजार चाचा म्हणायचा. आमच्या शेजारच्या गावचा, बापआज्यापासून हेडी, जातीने मुसलमान, बोलणं अस्सल मावळी. दमेकरी होता, पण जनावराच्या पाठीवर हात फिरवून त्याचं वय सांगायचा.

हेड्यांचा भाव तोंडाने होत नाही. विकणारा आणि घेणारा समोरासमोर बसतात, हातांवर रुमाल टाकतात आणि खाली एकमेकांची बोटं धरतात. एक बोट म्हणजे एक शेकडा, दोन म्हणजे दोन, पंजा म्हणजे पाच. तळव्यावर नखाने रेघ ओढली की निम्मा. भोवती माणसं उभी असतात, त्यांना काही कळत नाही. विकणाऱ्याची अडचण झाकून राहते आणि घेणाऱ्याचा माजही. वर तोंडं मात्र मोकळी.

“चाचा, ह्यो बैल हाय का बाजंचा पाय?”

“डोळ्यांत फूल पडलंय तुझ्या, लेका. आदी तोंड धुऊन ये, मंग बैल बघ.”

तोंडं अशी वाटेल ते बोलत राहायची आणि खाली बोटं खरं बोलायची. निम्मा महाराष्ट्र असे बैल घेत आला. त्यात लपवण्यासारखं काही नव्हतं.

त्या दिवशी बाजारात आमचं जमलं नाही. चाचाकडे एक देखणी खिल्लारी जोडी होती आणि रहाटणीच्या एका बागाईतदाराला मी ती कबूल करून बसलो होतो. बाजार उठला, चाचा जोडी घेऊन घरच्या वाटेला लागला, आणि वाटेत नरम येईल ह्या आशेने मीही त्याच्याबरोबर चालू लागलो. देहूरोडच्या अलीकडे, लष्कराच्या तारेच्या कुंपणापासून थोडं लांब, चाचाला दम लागला म्हणून आम्ही लिंबाखाली टेकलो. बैल सावलीत उभे केले. चाचाने खांद्यावरचा चौकड्यांचा रुमाल काढून आमच्या हातांवर टाकला. आमच्यात दोनच बोटांचा फरक उरला होता.

तेवढ्यात एक पोलीस आला, मागे दंडाला पट्टी बांधलेले दोन पहारेकरी.

“काय चाललंय रुमालात?”

“लगीन लावतोय,” मी म्हणालो. “अक्षता आणल्यात का?”

त्याने काठीने रुमाल उडवला. माझ्या मुठीत चाचाची बोटं तशीच होती.

“खुणा कुणाला करताय?”

“बैलाला.”

घरचे लोक आजही म्हणतात, तू तिथे तोंड आवरलं असतंस तर सुटला असतास. मुळीच नाही. माझ्या तोंडाने काही बिघडलं नाही. पोलिसाने नावं विचारली. माझं नाव ऐकलं आणि त्यावर काही विचारलं नाही. चाचाचं नाव मात्र त्याने पुन्हा घ्यायला लावलं, आणि मग कुंपणाकडे बघितलं. आमचं काय करायचं ते त्याच क्षणी ठरलं होतं.

चौकीत एक साहेब होता. तरणा, कडक इस्त्रीचा. त्याने मला खुणा करून दाखवायला सांगितल्या. मी दाखवल्या.

“हे एक बोट म्हणजे?”

“एक शेकडा.”

“शंभर काय?”

“रुपये, साहेब.”

“रुपये की रणगाडे? आणि ही रेघ?”

“निम्मा.”

“म्हणजे अर्धी पलटण?”

मला हसू फुटलं आणि पहिली थप्पड बसली. थप्पड मी विसरलो असतो. पण त्याच्या बोलण्यावरून मला कळत होतं की हा गावाकडच्या, शेतकऱ्याच्या घरातला आहे. ह्याच्या आज्याने अशीच बोटं दाबून बैल घेतले असणार आणि त्याच बैलांवर ह्याची फी भरली असणार. न कळणाऱ्याला मी माफ केलं असतं. ह्याला कळत होतं.

मग तुरुंग. कुठला ते लिहीत नाही, त्याची कीर्ती मला वाढवायची नाही. लढाईच्या कायद्याखाली धरलेली माणसं वेगळ्या कोठडीत कोंबली होती. रेडिओ कानाला लावून बसायचा म्हणून आणलेला एक शिंपी होता, रानात बॅटरी पेटवली म्हणून आणलेला एक मेंढपाळ होता, आणखी असेच काही. चोर-दरोडेखोरांना रोज अंगणात काढायचे, आम्हाला नाही. त्यांना वकील, त्यांना भेट, आम्हाला काहीच नाही. भाकरीत खडे, आमटीत पाणी, आणि कोपऱ्यातली बादली भरून वाहायला लागली तरी कुणी उचलायचं नाही. गोधड्यांत उवा इतक्या, की थंडीतही माणसं त्या अंगावर घ्यायची नाहीत.

काहीही मागितलं की एकच उत्तर. पाणी? युद्ध चालू आहे. बादली? युद्ध चालू आहे. घरी निरोप? युद्ध चालू आहे. जसं काही आमच्या बादलीवरूनच ते पेटलं होतं.

कोठडीला उंचावर एकच झरोका होता, आणि ब्लॅकआउट म्हणून त्याच्यावर डांबरी काळा कागद ठोकला होता. आत ना उजेड ना वारा. घाणीच्या वाफेत सगळे बसलेले. धडधाकट माणसाचा जीव कोंडायचा, चाचा तर दमेकरी. त्याची छाती लोहाराच्या भात्यासारखी वाजायची. दोन वाक्यं सलग बोलता यायची नाहीत.

त्यात आमच्या दोघांसाठी खास हुकूम होता. हात दिसले पाहिजेत. गुडघ्यांवर पंजे उताणे ठेवून, बोटं ताठ करून बसायचं. बोट वाकलं की खूण केली असं धरायचे आणि जमादार काठीने बोटांवरच मारायचा. मी रागाने का होईना, ताठ ठेवायचो. चाचाला खोकल्याची उबळ आली की त्याचा हात आपोआप छातीवर जायचा, आणि काठी पडायची. त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं सुजून काळीनिळी झाली. बैलाच्या पायाला जखम झाली तर आम्ही हळद लावतो. इथे माणसाला कुणी काही लावलं नाही.

एकदा मी जमादाराला गाठलं.

“जमादार, तेवढा कागद काढा. म्हातारा मरंल.”

“कागद काढला तर विमानं येतील.”

“दिवसा?”

“ऑर्डर दिवस-रात्र बघत नाही.”

“आवो, आत दिवाच न्हाई. उजेड कशाचा जाणार भायेर?”

त्याने थोडा विचार केला. खरंच केला, मी बघितलं. मग म्हणाला, “ए हेड्या, लई शहाणपणा करू नको. युद्ध चालू आहे.”

चाचा भिंतीला टेकून हसला. हसता हसता गुदमरला.

त्यानंतर त्याला बसवेना. ओठ निळे पडू लागले. जनावराची शेवटची धाप मी पुष्कळ बघितली आहे, मला ती ओळखता येते. ह्याला वारा मिळाला नाही तर हा इथेच संपणार, हे मला स्पष्ट दिसत होतं.

नेमका तेव्हाच चौकीवरचा तो साहेब तुरुंगात आला. मला एकट्याला बाहेर काढलं, खुर्ची दिली, चहा दिला. खुर्ची दिली म्हणजे गिऱ्हाईक अडलेलं आहे, एवढं मला कळतं.

“तू हिंदू माणूस, बायकामुलांचा,” तो म्हणाला. “तुला कशाला ह्यात अडकवायचं? म्हाताऱ्याने खुणा शिकवल्या, तो कुंपणाच्या पलीकडे बघत होता, तुला अर्थ माहीत नव्हता. एवढंच वरच्या साहेबांसमोर सांग. संध्याकाळी घरी जाशील.”

मी चहा सावकाश प्यायलो. घासाघीस करताना आधी नाही म्हणायचं नसतं. समोरच्याला काय हवंय ते बघायचं. त्याला हेर हवा होता, आणि तोही जिवंत.

“सांगतो,” मी म्हणालो. “पन विसार घेतल्याबिगर मी येव्हार करत न्हाई.”

“कसला विसार?”

“म्हाताऱ्याला दवाखान्यात हलवा. आजच. त्यो आत मेला तर मी कुनाबद्दल सांगू? मेलेला हेर तुमच्या काय कामाचा?”

त्याला पटलं. ह्या लोकांना दया पटत नाही, हिशेब पटतो. त्याच दिवशी चाचाला झोळीत घालून तुरुंगाच्या दवाखान्यात नेलं. मी अडून बसलो, की डोळ्यांनी बघितल्याशिवाय बोलणार नाही. मला दारापर्यंत नेलं. चाचा खाटेवर उशीला टेकून बसला होता, आणि त्याच्या डोक्यावरची खिडकी उघडी होती. तिलाही काळा कागद होता, पण डॉक्टरने तो वर गुंडाळून ठेवला होता. त्या तुरुंगात मला दिसलेला माणूस तेवढा एक तो डॉक्टर.

मग मला वरच्या साहेबांसमोर उभं केलं.

“हं, सांग. काय अर्थ त्या खुणांचा?”

“सांगतो,” मी म्हणालो. “एक बोट म्हंजे एक शेकडा. दोन म्हंजे दोन. पंजा म्हंजे पाच. बैलाचा भाव असतो तो, साहेब.”

पुढे काय झालं ते माझ्या बरगड्यांना थंडीत अजून आठवतं. विसार घेऊन फिरलेल्या माणसाच्या तोंडावर बाजार थुंकतो, आणि थुंकावंच. मी आयुष्यात एकदाच विसार घेऊन शब्द फिरवला. त्याची लाज मला तेव्हा वाटली नाही, आज वाटत नाही. चाचाला परत कोठडीत आणायला माणसं गेली, तर डॉक्टरने, हा हलवण्यासारखा नाही, म्हणून त्यांना दारातूनच परत पाठवलं.

लढाई संपल्याचं आम्हाला फटाक्यांवरून कळलं. शिंप्याला वाटलं बॉम्ब पडताहेत, तो कोपऱ्यात जाऊन पालथा पडला. थोड्या वेळाने जमादार आला आणि प्रत्येकाच्या उताण्या तळव्यावर त्याने पेढ्याचा तुकडा ठेवला.

“जिंकलो रे!”

“मंग काढा आता त्यो कागद,” मी म्हणालो.

“त्याची ऑर्डर आली नाही.”

ऑर्डर आलीच नाही. लढाई संपली, सैनिक घरी आले, हार-तुरे झाले, आणि आम्ही त्या कागदामागेच. मी आणि चाचा बाहेर पडलो तेव्हा रानात गहू ओंब्यांवर आला होता. का धरलं, का सोडलं, कुणी सांगितलं नाही. “जा,” म्हणाले. बैलांचं विचारलं तर कळलं की बेवारस म्हणून विकून टाकले. ती जोडी बेवारस! मालक आणि गिऱ्हाईक दोघंही आत बसलेले असताना.

तब्येत जरा सावरल्यावर चाचा चाकणच्या बाजारात येऊन आपल्या नेहमीच्या जागेवर बसला. समोर एक गोऱ्हा बांधला, रुमाल मांडीवर घेतला. आणि मी जे बघितलं, त्याचा राग मला त्या साहेबापेक्षाही जास्त आहे. ज्यांचे व्यवहार त्या म्हाताऱ्याने आयुष्यभर झाकले, ती आमची माणसं. येत होती, गोऱ्ह्याचे दात बघत होती, पण रुमालाखाली हात कुणी घालेना.

“तोंडानं बोला, चाचा,” एकजण म्हणाला. “आपल्याला भानगड नको, राव.”

भर बाजारात! हेड्याला भाव तोंडाने ओरडायला सांगणं म्हणजे त्याची टोपी उतरवणं. मी त्या माणसाला बाजूला ढकललं, चाचासमोर मांडी घातली, रुमाल ओढून हातांवर टाकला आणि मुद्दाम मोठ्याने बोललो, म्हणजे सगळ्यांना ऐकू जावं.

“चाचा, त्या खिल्लारीचं ऱ्हायलंय आपलं.”

“बैल कुटं हायेत आता?”

“बैल गेले. भाव ऱ्हायलाय.”

त्याने माझ्याकडे बघितलं आणि रुमालाखाली हात पुढे केला. त्याची ती दोन बोटं आता वाकत नव्हती, सुकलेल्या शेंगांसारखी ताठ राहिली होती. मी त्या दिवशी लिंबाखाली जिथे होतो तिथूनच सुरुवात केली आणि एक बोट वर चढलो. त्याने माझं बोट झटकलं.

“चाचा, बैलं न्हाईत, तरी उतरत न्हाई व्हय?”

“त्येंनी एवढं मारून न्हाई उतरिवला मला,” तो धापा टाकत म्हणाला. “तू काय उतरिवतो, लेका?”

मी त्याची दोन्ही ताठ बोटं धरली. त्याचा भाव कबूल केला. समोरच्याने सांगितलेला पुरा भाव मी त्याआधी कधी दिला नव्हता आणि त्यानंतरही दिला नाही. बाजार बघत होता. थोड्या वेळाने एक म्हातारा हेडी पुढे आला, माझ्या शेजारी बसला आणि गोऱ्ह्यासाठी त्याने रुमालाखाली हात घातला.

चाचा पुढे काही वर्षं जगला. तो साहेब बढत्या घेत गेला. त्याने किंवा कुणीही आजवर ‘आमचं चुकलं’ म्हटलेलं नाही. शहाणी माणसं मला सांगतात, जुनं झालं, सोडून द्या. मी आयुष्यभर घासाघीस केली, पण ह्या एका गोष्टीत करणार नाही. कुणीतरी चारचौघांत, रुमालाशिवाय, तोंडाने म्हणावं की चुकलं. चाचा नाही, तरी माझा भाव हाच आहे, आणि त्यात मी एक बोटही उतरणार नाही.